पेंडीचा बैल

अक्काच्या प्रदर्शनात कुठल्याच कामाखाली पाटी नसते. नाव नाही, कशाचं केलंय तेही नाही. लोक विचारतात, हे काय आहे, आणि ती नुसती उभी राहते. काहींना तो मोठ्या कलावंताचा ताठा वाटतो. मागच्या वेळी जळगावला एका तरुण मुलीनं मला बाजूला घेऊन विचारलं, तुम्ही त्यांच्या बहीण ना, मग त्या बोलत का नाहीत? मी म्हटलं, आमच्या घरची तशी रीत आहे. तिला ते कळलं नाही, आणि उभ्या उभ्या सांगण्यासारखंही नव्हतं. मी शाळेत गणित शिकवते. पायऱ्या गाळून कुणी थेट उत्तर लिहिलं तर मी गुण कापते. तेव्हा ही रीत कुठून आली ते पायरी न गाळता लिहून ठेवते.

आम्ही एरंडोलला राहत होतो. नाना, म्हणजे आमचे वडील, बाजाराच्या आवारात मापाडी होते. कापूस, भुईमूग, मिरची, जे गाडीतून उतरेल ते काट्यावर चढवायचं आणि माप मोठ्यानं पुकारायचं, हे त्यांचं काम. पहिल्या मापाला मापाडी ‘एक’ म्हणत नाही, ‘लाभ’ म्हणतो. लाभ, मग दोन, मग तीन. सकाळी आवाराच्या बाजूनं वारा असला की नानांचा तो ‘लाभ’ आमच्या चुलीपाशी ऐकू यायचा आणि माय म्हणायची, चला, उघडला बाजार. मापाडी विकणाऱ्याचाही नसतो आणि घेणाऱ्याचाही नसतो, हे नानांचं वाक्य आम्ही इतक्या वेळा ऐकलं होतं की ते सुरू झालं की अक्का ओठ हलवून पुरं करायची. नात्यातल्या कुणाची गाडी आली तर नाना काट्यापासून उठायचे आणि दुसऱ्या मापाड्याला हाक मारायचे. माझे मामा यावरून एकदा रुसून न जेवता परत गेले होते. नानांना त्याचं वाईट वाटलं, पण पुढच्या खेपेला ते पुन्हा उठलेच. त्यांच्या तोंडी एका जुन्या व्यापाऱ्याची गोष्ट असे. तो ढिगातला मूठभर कापूस घ्यायचा, दोन बोटांत धागा ओढायचा आणि डोळे मिटून सांगायचा की हा तापीकाठचा, हा पारोळ्याकडच्या हलक्या रानातला. नाना म्हणायचे, माल चांगला की वाईट हे कुणीही बोलतं. माल कुठला ते ज्यानं ओळखलं, त्यानं माल पाहिला.

घर म्हणजे रस्त्याकडे एक ओटा, दोन खोल्या, मागे पडवी आणि परसात चिंचेचं झाड. परसाच्या कुडाला लागून भिला आबाचा गोठा होता. आबा शेतकरी, आमच्या नात्यातला नव्हे, पण त्याच्या बैलांच्या गळ्यातल्या घुंगरांवर आमची वेळ चालायची. ते शेतावर निघाले की माझी वेणी व्हायची आणि ते परतले की दिवा लागायचा. आबाच्या जोडीतला चांद्या नावाचा म्हातारा बैल अक्काचा होता असं म्हटलं तरी चालेल. भाजी चिरताना निघालेली देठं, टरफलं, शिळी कळण्याची भाकरी, सगळं ती कुडावरून त्याला द्यायची आणि तो खाईस्तोवर बघत उभी राहायची. मी विचारायची, काय बघतेस? ती म्हणायची, काही नाही, खातोय. मी सांगतेय त्या वर्षीच्या उन्हाळ्यात चांद्या म्हातारपणानं गेला. आबानं त्याला शेतात लिंबाखाली पुरलं आणि जोडीला राजा नावाचा तरणा बैल आणला. अक्का देठं आता आमच्या उकिरड्यावर टाकू लागली.

अक्काचे हात मायकडून आले होते. माय दर उन्हाळ्यात लगद्याच्या टोपल्या करायची. रद्दी कागद भिजवायचा, कुटायचा, त्यात मेथ्या वाटून घालायच्या आणि जुन्या पाटीवर तो लगदा थापून वाळवायचा. मेथ्यांमुळे तो घट्ट बसतो आणि त्याला कीड लागत नाही. आमची ज्वारी, डाळ, सांडगे, सगळं त्याच टोपल्यांत असे आणि घराला सदा मेथ्यांचा कडवट वास. अक्का लहानपणापासून त्या लगद्यातून मुठीएवढा चोरायची आणि त्याचं काहीतरी करायची. लगदा नसला तर जे हाताला लागेल त्याचं. भादव्यात मुली गुलाबाई मांडतात तेव्हा सगळ्यांच्या घरी कुंभाराकडची रंगवलेली मातीची गुलाबाई असायची. आमच्याकडे अक्कानं केळीच्या सोपटाची केली होती. सोपट म्हणजे केळीच्या खांबाचं सुकलेलं साल. रावेरकडून केळीचे ट्रक यायचे, हमरस्त्यावरच्या हॉटेलापाशी थांबायचे आणि तिथे त्या सोपटाचा ढीग पडलेला असायचा. गल्लीतल्या मुली गाणी म्हणायला आल्या आणि हसत सुटल्या. गुलाबाई माहेरी येताना उपाशी आली वाटतं, असं एक जण म्हणाली. अक्काही हसली. पण गाणी संपल्यावर त्याच मुली त्या गुलाबाईला हात लावून बघत होत्या, मातीच्या गुलाबाईला कुणी हात लावत नसे, हे मी तेव्हाच टिपलं होतं.

आता श्रावणाकडे येते. श्रावणात आमच्याकडे कानबाई बसते. खानदेशाबाहेरच्या वाचकांसाठी सांगते की कानबाई ही आमची कुळातली देवी आणि तिची मूर्ती नसते, नारळ असतो. पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला तो नारळ पेटीतून काढायचा, त्याला डोळे लावायचे, नाक करायचं, नथ घालायची, लुगडं नेसवायचं, आणि चौरंगावर बसवला की ती कानबाई. आमच्याकडे डोळे-नाक लावायचं काम अक्काकडे होतं. ती ते इतक्या जपून करायची की मायही मागे उभी राहून श्वास धरायची. एका क्षणापर्यंत तो नारळ असायचा आणि दुसरा डोळा बसला की खोलीतली माणसं आपोआप हात जोडायची. त्या दिवशी रोट, म्हणजे देवीच्या नैवेद्याच्या पोळ्या, असतात. रोटाचा गहू घरातल्या पुरुषांच्या नावानं सव्वा सव्वा मूठ मापून घेतात. मला हिशेबाची खोड लहानपणापासून, म्हणून मी एकदा विचारलं होतं की मग माझ्या आणि अक्काच्या नावाचा गहू कुठे आहे? माय म्हणाली, तुमचा सासरी मापतील. नंतर लग्न झाल्यावर पाहिलं, तिथेही पुरुषांच्याच नावानं मापत होते. असो. रोट, खीर, गंगाफळाची, म्हणजे लाल भोपळ्याची, भाजी आणि कटाची आमटी आम्ही पोटभर खायचो, माप कुणाच्याही नावाचं असो.

त्या वर्षी धुळ्याहून यशवंत काका आणि काकू कानबाईला आले होते. काकू मोकळ्या तोंडाची बाई. तिनं अक्कानं सजवलेली कानबाई पाहिली आणि जेवताना विषय काढला. त्यांच्या गल्लीच्या तोंडाशी चित्रकलेचा वर्ग निघाला होता. तिथे शिकून परीक्षा दिल्या की पोरगी शाळेत ड्रॉइंगची बाई म्हणून लागते, दिवाळीनंतर नवी तुकडी आहे, आमच्याकडे राहील, दोन भाकरी जास्त थापायला मला काय जड आहे? मायनं विषय खिरीकडे वळवला. त्याचं कारण सगळ्यांना माहीत होतं. चोपड्याकडचं एक स्थळ आलं होतं आणि त्यांना दिवाळीनंतर पाहायला बोलवायचं ठरत होतं. माणसं चांगली होती, त्यांच्यात खोट काढण्यासारखं काही नव्हतं. पण ते आले असते तर अक्का त्या घरची झाली असती आणि तिच्या हातांनी पुढे टोपल्याच केल्या असत्या. अक्का वाढत होती. तिच्या हातातला खिरीचा डाव तसाच थांबला.

काका म्हणाले, “भाऊ, तू बोल. पोरीच्या हातात काही आहे की नाही?”

नाना म्हणाले, “ती माझी पोर. तिचं माप मी करणार नाही.”

“अरे, कापूस आहे का तो?”

नानांनी आमटीचा भुरका संपवला, हात धुतला आणि मग जे ठरवलं ते सांगितलं. पोळ्याला गावातले सगळे बैल आमच्या ओट्यासमोरून वेशीकडे जातात. बैलांत जन्म काढलेली माणसं त्यांच्यासोबत असतात. अक्कानं ओट्यावर एक बैल करून उभा करायचा. तो पाहून बाहेरचं माणूस आपणहून काही बोललं, तर दिवाळीनंतर धुळे. नाहीतर चोपड्याला निरोप. घरातल्या कुणी कुणाला विचारायचं नाही, सुचवायचं नाही, बैलाबद्दल एक शब्द काढायचा नाही. विचारून काढलेलं मत ते धरणार नव्हते.

अक्कानं डाव खाली ठेवला. “काय बोललं पाहिजे त्यांनी, नाना?”

“ते मला ऐकल्यावर कळेल. पण नुसतं ‘छान’ चालायचं नाही. छान तर लग्नातल्या आमटीलाही म्हणतात.”

काकू म्हणाली, हा माणूस देवाच्या दारातही काटा घेऊन जाईल. पण अक्का हसत होती. मला त्या वयात तो निवाडा निर्दय वाटला होता. आज मी आई आहे, आणि आपल्या मुलाच्या कामाबद्दल खरं बोलणं किती अवघड ते मला माहीत आहे. नानांनी ते टाळलं नाही, त्यांनी ते खऱ्या माणसांकडे सोपवलं.

पडवीला पोत्यांचा आडोसा करून काम सुरू झालं. पावसाचे दिवस होते, शिवाय पोळ्याआधी कुणी पाहू नये. सांगाडा कपाशीच्या पऱ्हाट्यांचा. पऱ्हाट्या म्हणजे कापूस वेचून झाल्यावर उरलेली वाळकी झाडं, आमच्याकडे ती चुलीत जातात. अक्कानं त्या भिजवून वाकवल्या आणि सोपटाच्या दोऱ्यांनी बांधल्या. जिथे जोर हवा तिथे, पाठीला आणि पायांत, जिनिंगमधल्या लोखंडी पट्ट्या. कापसाच्या गाठी या पट्ट्यांनी आवळतात, आणि तुटक्या पट्ट्या जिनाच्या भिंतीशी गंजत पडलेल्या असत. मापं घ्यायचं काम माझं. मी सातवी-आठवीत असेन, पण प्रमाण माझं पक्कं होतं. शेजारच्या शिवणवालीची टेप घेऊन मी भिला आबाच्या गोठ्यात गेले आणि राजाची मापं घेतली. आबा दाराशी बिडी ओढत बघत होता.

“काय व माय,” तो म्हणाला, “बैलले आंगडं शिवनं शे का?”

घरातलं काही सांगायचं नाही असं ठरलेलं, म्हणून मी म्हटलं, शाळेत दिलंय. आबा म्हणाला, आमच्या वेळी शाळेत मास्तर आमालेच मापायचा, छडीनं.

बैल पाऊणपट करायचा होता. राजाची खांद्याशी उंची बावन्न इंच, म्हणजे आपली एकोणचाळीस. मी प्रत्येक मापाचा पाऊणपट काढून पडवीच्या भिंतीवर कोळशानं लिहिला. सांगाडा उभा राहिला तेव्हा मी टेप लावली. उजवा खांदा बरोबर एकोणचाळीस. डावा सदतीस. मान सरळ हवी ती एका अंगाला कललेली, आणि मागचा एक पाय सैल सोडलेला. मी अक्काला दाखवलं. ती म्हणाली, असू दे. मी म्हटलं, असू दे कसं, राजाचे दोन्ही खांदे सारखे आहेत, मी दोनदा मोजलेत. ती म्हणाली, राजाचे असतील. मी ऐकेना. हा बैल नानांच्या परीक्षेला बसणार आहे आणि तू पहिल्याच गणितात दोन इंच चुकवतेस, असं मी बरंच बोलले. मायनंही माझी बाजू घेतली. ती म्हणाली, विमल म्हणते ते खरं आहे, लोकांना बैल गुटगुटीत लागतो, हा दमलेला दिसतोय. अक्का म्हणाली, बरं, वरून भरून काढते.

आता वरचा लगदा. कागद एवढा कुठून आणणार, आणि श्रावणाच्या दमटात कागद वाळेचना. तेव्हा अक्काला पेंड सुचली. तेलाच्या गिरणीत सरकीच्या पेंडीचा चुरा पडतो, तो पोतंभर सहज मिळाला. रंगाला ती बैलाच्या कातड्यासारखी, गव्हाळ. भिजवून मेथ्यांच्या वाटणात कालवली तर छान थापली गेली, पण वाळल्यावर भेगा पडू लागल्या. माय म्हणाली, जुन्या बांधकामात गूळ घालत, बघ घालून. गूळ घातला आणि भेगा मिटल्या. पेंड, मेथ्या आणि गूळ, हे सगळं आम्ही तिघींनी चांगलं मळून मळून तयार केलं, वास घेतला, बोटानं चाटूनही पाहिलं. सगळं गाव तेलाचं आणि कापसाचं, नाना रोज पेंडीची पोती मापत होते. तरी आमच्यापैकी एकीच्याही डोक्यात आलं नाही. आमच्याकडे गोठा नव्हता, एवढंच त्याला कारण.

लगद्याखाली डावा खांदा एकोणचाळीस इंच झाला, मान सरळ झाली, पाय भरला. मी टेप लावून खूश झाले. अक्का मात्र हात धुताना म्हणाली, झाला बाई तुझा बैल. तुझा, असं म्हणाली. मला ते कौतुक वाटलं.

पोळ्याच्या दिवशी माय पहाटेपासून खापरावर पुरणपोळ्या करत होती. खापर म्हणजे चुलीवर पालथं घातलेलं मातीचं मोठं भांडं. पुरण भरलेला उंडा दोन्ही हातांवर झेलत झेलत पातळ ताटाएवढा मोठा करायचा आणि अलगद खापरावर सोडायचा. त्या झेलण्याचा थप थप आवाज घरोघरी येत होता. दुपारी ऊन पडलं तसा नानांनी आणि काकांनी बैल ओट्यावर आणून ठेवला. काका परीक्षेसाठी मुद्दाम धुळ्याहून आले होते. अक्कानं शिंगांना हिंगूळ लावला, गळ्यात माळ घातली. नाना ओट्याच्या कोपऱ्यात खुर्ची टाकून बसले, बाजारात बसत तसे, पाठ ताठ. आम्ही बायका दाराच्या आत. अक्का चौकटीला टेकून उभी होती आणि तिच्या हातातला पदराचा पीळ मी बघत होते.

ढोल ऐकू आला आणि बैल येऊ लागले. झुली, बेगड, गोंडे, रस्ता नुसता भरून गेला. माणसं ओट्यापाशी थांबत होती. कुणी म्हणालं छान, कुणी म्हणालं लय भारी, जिनवाले शेठजी आपल्या माणसांसह आले आणि बढिया म्हणून गेले. नाना प्रत्येकाला राम राम करत होते आणि चेहरा हलत नव्हता. काका त्यांच्याकडे बघायचे आणि नाना किंचित मान हलवायचे, नाही. मग भिला आबाची जोडी आली. राजा ओट्याशी थांबला. आबानं कासरा ओढला, राजा हलेना. त्यानं मान पुढे केली, आमच्या बैलाच्या गालाला हुंगलं, आणि लांब जीभ काढून एकदा खालून वर चाटलं. लोकांना ते फारच आवडलं. भाऊ भेटला रे राजाले, असं कुणीतरी ओरडलं. आणि दुसऱ्या क्षणी राजानं आमच्या बैलाचा कान तोडून चावायला सुरुवात केली.

मग काय सांगावं. वास मागच्या बैलांपर्यंत गेला असणार. दोन जोड्या पुढे आल्या, मग आणखी. कासरे ताणले जात होते, वेसणी ओढल्या जात होत्या, पण वर्षातून एका दिवशी बैलाला मारायचं नसतं, तो दिवस नेमका हा. कुणाचा हात उगारला जात नव्हता आणि बैलांना ते ठाऊक असल्यासारखे ते निवांत खात होते. ओढाताणीत आमचा बैल ओट्यावरून घसरून रस्त्यावर आला, पण पडला नाही, पट्ट्यांच्या पायांवर उभाच राहिला, आणि आता त्यांना चारी बाजूंनी खाता येऊ लागलं. माणसं पोट धरून हसत होती. “नाना, तुमना बैल चवले भलता चांगला शे!” एक जण म्हणाला. दुसरा म्हणाला, पुढच्या पोळ्याले पुरणना बनाडा, आम्ही बी येतस जेवाले. काका उठून धावणार होते, नानांनी त्यांचा हात धरला. घरातल्यानं बोलायचं नाही. नानांनी स्वतःचा नियम त्या घटकेलाही मोडला नाही. मी अक्काकडे वळले तर ती चौकटीत नव्हती.

ती पडवीत बसली होती. रडत नव्हती. मी तिच्याजवळ बसले आणि म्हटलं, माझी मापं बरोबर होती. ती म्हणाली, हो ग, मापं बरोबरच होती. बाहेरचा ढोल वेशीकडे लांब लांब जात राहिला. माय आत चुलीपाशी ताटं मांडत होती आणि भांड्याचा आवाज होऊ देत नव्हती.

तिन्हीसांजेच्या आधी, बैल घरोघर ओवाळून झाल्यावर, भिला आबा परत आला. त्याच्या हातात पानावर पुरणपोळी होती. राजानं नुकसान केलं म्हणून तो हात जोडायला आला होता. नाना ओट्यावर तसेच बसले होते. आबा बोलायला लागला की भाऊ, पेंड, गूळ, मेथ्या, हाई तं आम्ही दुबळ्या बैलले चारतस, त्याचा काय दोष. बोलता बोलता तो रस्त्यात उभ्या असलेल्या सांगाड्याकडे वळला आणि थांबला. मी आणि अक्का दारात आलो होतो. बैलांनी वरचं सगळं साफ चाटून नेलं होतं. उरल्या होत्या पऱ्हाट्या, सोपट आणि पट्ट्या. कललेल्या उन्हात सांगाडा तांबूस दिसत होता. एकोणचाळीस इंचांचा खांदा गेला होता आणि सदतीसचा परत आला होता. मान एका अंगाला, मागचा पाय सैल.

आबा जवळ गेला. त्यानं त्या खालच्या खांद्यावर हात ठेवला, तिथेच, जिथे मी टेप लावून भांडले होते.

“नाना,” तो म्हणाला, “हाऊ तं मन्हा चांद्या शे.”

काका आतून ओट्यावर आले, नानांनी त्यांना हातानंच थोपवलं. बोलायचं नव्हतंच.

“जलमभर औतले डावीकडे चालना. खांदा बठ्ठा दबी जायेल व्हता त्याना. काम करी उना म्हंजे असाच पाय सैल सोडी उभा राहे.” मग त्यानं अक्काकडे पाहिलं. “पोरी, तुले कसं दिसनं हाई? मन्हा घरना लोकेस्ले बी कधी दिसनं नही.”

अक्काला उत्तर देता येत नव्हतं, नियम होता. तिनं फक्त मान खाली घातली. आबानं पुरणपोळीचा तुकडा मोडला, पऱ्हाट्यांच्या त्या तोंडात ठेवला, आणि खांद्यावर दोनदा थोपटलं, जसं गोठ्यात थोपटायचा.

नाना खुर्चीवरून उठले. ओट्याच्या कडेला आले. आणि बाजारात पुकारायचे तसे, भरल्या आवाजात, एकच शब्द बोलले.

“लाभ.”

चुलीपाशी मायच्या हातून भांडं पडलं. काकू आली नव्हती, तरी काकांना कळलं की आता धुळ्याला दोन भाकरी जास्त थापायच्या आहेत.

दिवाळीनंतर अक्का धुळ्याला गेली. पारोळ्यावरून जाणाऱ्या एसटीत नानांनी तिची पेटी वर चढवली आणि खिडकीतून एवढंच म्हणाले की तिथे कुणी छान म्हटलं तर घरी कळवायची गरज नाही. पुढचं पुष्कळ लोकांना माहीत आहे. तिनं काही वर्षं शाळेत ड्रॉइंग शिकवलं आणि सुट्टीत पट्ट्या वाकवल्या. आज तिच्या कामांवर कातडं नसतं. पऱ्हाट्या, पट्ट्या, सोपट, जे असेल ते उघडं. शिकलेली माणसं त्यावर मोठं मोठं लिहितात आणि ते बरोबरही असेल. मला एवढंच दिसतं की दोन इंच ती आता कुणाच्या म्हणण्यावरून भरून काढत नाही. आणि पाटी लावत नाही, बोलत नाही. कुणीतरी थांबेल आणि आपणहून बोलेल याची वाट बघते. बरेचदा कुणी बोलत नाही. मग ती संध्याकाळी म्हणते, चला, आज लग्नातली आमटी होती.

सांगाडा आमच्या ओट्यावर पुष्कळ वर्षं होता. सोपट सुटलं की माय नवं बांधायची. पुढच्या प्रत्येक पोळ्याला भिला आबा आपली जोडी वेशीवर नेण्याआधी आमच्या दाराशी आणायचा. राजा ओट्याशी यायचा, मान पुढे करायचा, पऱ्हाट्या हुंगायचा. खाण्यासारखं तिथे काही उरलं नव्हतं. तरी तो थांबायचा.